पडद्यावरचं कोकण आणि घरी राहिलेली बाई



२०२३ च्या पावसाळ्यात, ऐन लावणीच्या दिवसांत झालेली गंमत आठवतेय ना? एरवी मासिक बैठकीला दहा जणी वेळेवर आणताना अध्यक्ष-सचिवांची दमछाक होते. पण ‘बाईपण भारी देवा’ बघायला बायका स्वतःहून वर्गणी काढून, गाडी ठरवून, ठेवणीतल्या साड्या नेसून, वर काळे गॉगल लावून निघाल्या. महाराष्ट्रभर हेच चालू होतं. केदार शिंदे यांचा हा सिनेमा ३० जून २०२३ ला लागला आणि त्या वेळी ‘सैराट’नंतर सर्वांत जास्त कमाई करणारा मराठी सिनेमा ठरला. त्यात मारामारी नाही, परदेशातली गाणी नाहीत. सहा बहिणी, प्रत्येकीचं घरात काही ना काही अडलेलं, एकमेकींशी धुसफूस, आणि मंगळागौरीची स्पर्धा. बास.

असं काय होतं त्यात, म्हणून मी बऱ्याच जणींना विचारलं. उत्तर साधारण एकच आलं, “आपलंच होतं सगळं.”

या ‘आपलंच’ बद्दल थोडं बोलू या. आपल्या भाषेतला सिनेमा आपला समाज दाखवतो असं आपण सहज म्हणून जातो. पण त्यात नक्की काय दिसतं, कोण दिसतं, आणि कोण दिसतच नाही? आपल्या रत्नागिरीच्या बाबतीत तर हा प्रश्न मला फार छळतो. आणि याचं उत्तर शोधताना मला मदत झाली ती आपल्याच किनाऱ्यावर खाली असलेल्या केरळची. तिथल्या मल्याळम सिनेमाची. ते कसं, ते पुढे सांगते.

आधी थोडं मागे जाऊ. दादासाहेब फाळक्यांनी १९१३ साली ‘राजा हरिश्चंद्र’ केला हे शाळेत शिकलोय आपण. पण त्यातली तारामती कोण होती? साळुंके नावाचे एक पुरुष, हॉटेलात काम करणारे. सिनेमात काम करायला बाई मिळेना, कारण चांगल्या घरच्या बाईने असं काही करायचं नाही असं ठरलेलं होतं. पडद्यामागे मात्र बाईच होती. फाळक्यांच्या पत्नी सरस्वतीबाई फिल्म धुण्यात मदत करायच्या आणि सगळ्या काम करणाऱ्यांचा स्वयंपाकही करायच्या. दागिनेही त्यांचेच मोडले. म्हणजे पहिल्या सिनेमापासून भांडवल बाईचं, राबणं बाईचं, आणि पडद्यावर बाई नाही! त्याच वर्षी पुढच्या सिनेमात, ‘मोहिनी भस्मासुर’ मध्ये, दुर्गाबाई कामत आणि त्यांची मुलगी कमलाबाई या दोघी उभ्या राहिल्या. त्यांचं नाव आपल्या मुलींना माहीत असायला हवं.

केरळात तर याहून वाईट घडलं. तिथल्या पहिल्या सिनेमात, ‘विगतकुमारन’ मध्ये, पी. के. रोझी नावाच्या दलित बाईने वरच्या जातीतल्या बाईचं काम केलं. तिरुवनंतपुरमला सिनेमा दाखवला तेव्हा लोकांनी पडद्यावर दगड मारले. तिला घरदार सोडून निघून जावं लागलं. सिनेमा समाज दाखवतो म्हणतात, तेव्हा मला हे आधी आठवतं. समाजाला स्वतःचं कोणतं रूप बघायचं नाही, हेही त्यातच कळतं.

मराठीत पुढे प्रभात कंपनीचा ‘कुंकू’ आला, १९३७ साली, व्ही. शांताराम यांचा. म्हाताऱ्या विधुराशी फसवून लग्न लावून दिलेली नीरा, शांता आपटे यांनी केलेली. ती रडत बसत नाही. हे लग्न मला मान्य नाही असं ती घरात सगळ्यांसमोर सांगते आणि त्यावर ठाम राहते. तेव्हा अशी लग्नं गावोगाव होत होती. आपल्या पणजींच्या पिढीत डोकावलं तर प्रत्येक वाडीत एखादी तरी सापडेल. नीरासारखं बोलणारी मात्र शंभरात एखादी असेल नसेल. सिनेमाने समाजात होतं ते लग्न दाखवलं, आणि बाईच्या मनात असूनही तोंडून निघत नव्हतं ते बोलणं दाखवलं.

त्यानंतर चोपन्न वर्षांनी, १९९१ ला, ‘माहेरची साडी’ आला. अलका कुबल यांची ती सोशिक सून बघून थिएटरात बायका हुंदके देऊन रडल्या. शिकलेली माणसं या सिनेमाला नाकं मुरडतात. मला तसं करवत नाही. त्या रडणाऱ्या बायका काही खोट्या नव्हत्या. सासुरवास सोसलेल्या बाईला चारचौघांत मोकळेपणी रडायला तीन तास मिळाले होते, तिकीट काढून. पण हेही खरं की नीरा आणि ही सून शेजारी उभ्या केल्या तर काळ पुढे गेला की मागे, असा प्रश्न पडतो. सोसणं म्हणजेच चांगुलपणा, हे पडद्यावरून पुन्हा पुन्हा बघितलं की घरातही तेच खरं वाटायला लागतं.

आता आपल्या जिल्ह्याकडे येऊ.

आपल्या मातीतला सर्वांत मोठा सिनेमा म्हणजे ‘श्यामची आई’. साने गुरुजी दापोली तालुक्यातल्या पालगडचे. आचार्य अत्रे यांनी १९५३ साली सिनेमा केला. देशात सर्वोत्कृष्ट चित्रपटाला राष्ट्रपतींचं सुवर्णपदक द्यायला सुरुवात झाली, तेव्हा पहिलं पदक या सिनेमाला मिळालं. आईचं काम वनमालाबाईंनी केलं होतं. २०२३ मध्ये सुजय डहाके यांनी ही गोष्ट पुन्हा पडद्यावर आणली.

या गोष्टीतलं आपल्याला काय आठवतं? अंघोळ झाल्यावर तळव्यांना माती लागू नये म्हणून हट्ट करणारा श्याम आणि त्याच्यासाठी धोंडीवर पदर पसरणारी आई. शाळेत, भाषणात, मातृदिनाला, सगळीकडे हेच. पण पुस्तक उघडून वाचा. निम्मी गोष्ट कर्जाची आहे. घरातल्या पुरुषाने केलेलं कर्ज, कोर्टकचेऱ्या, जात चाललेली जमीन, आणि वसुलीला दारात येऊन बसलेला सावकाराचा माणूस. त्याचं बोलणं ऐकून घ्यायला घरात कोण? आई. कर्ज काढताना तिला कुणी विचारलं नव्हतं, सही तिची नव्हती. अपमान मात्र तिच्या वाट्याला आला, आणि त्या झिजण्यातच ती गेली.

आपण गटाच्या बायका दर महिन्याला कर्जाच्या अर्जावर चर्चा करतो, कुणाला किती, कशासाठी, हप्ता किती. आपल्यासारख्या बायकांनी ‘श्यामची आई’ ही संस्काराची गोष्ट म्हणून ऐकली, पण कर्जाची गोष्ट म्हणून कुणी सांगितली नाही. मायक्रोफायनान्सच्या वसुलीवाल्याला तोंड देऊन आलेल्या आपल्यातल्या एखादीला ती गोष्ट आज वाचायला द्या, ती कुठलं पान दुमडून ठेवते ते बघा.

श्यामच्या आईनंतरचं कोकण मात्र बदललं. ते कसं बदललं हे एका आकड्यात कळतं. २०११ च्या जनगणनेत आपल्या रत्नागिरी जिल्ह्यात दर १००० पुरुषांमागे ११२२ स्त्रिया होत्या. संपूर्ण महाराष्ट्रात हाच आकडा ९२९ आहे. आता आपल्याकडे मुली जास्त जन्मतात असं काही नाही. आपले कमावते पुरुष मुंबईत आहेत, एवढाच त्याचा अर्थ. गिरणीत, गोदीत, हॉटेलात, रिक्षावर, आता मॉलमध्ये आणि कुरिअरच्या गाडीवर. घरी राहिली बाई, म्हातारी माणसं, पोरं, गुरं, आणि भाताची शेती. दर महिन्याला पोस्टमन मनीऑर्डर घेऊन यायचा. चाकरमानी गणपतीला आणि शिमग्याला यायचे. मधले दहा महिने घर, शेत, देणीघेणी, आजारपणं, भावकीची भांडणं, सगळं एकटी बाई निभवायची.

आता मला सांगा, या बाईवरचा सिनेमा तुम्ही पाहिलाय का?

त्या मनीऑर्डरच्या दुसऱ्या टोकाचा सिनेमा आहे. १९८२ च्या जानेवारीत गिरण्यांचा संप झाला. अडीच लाखांच्या आसपास कामगार त्यात उतरले, आणि त्यात आपल्या रत्नागिरी-सिंधुदुर्गातले ढीगभर होते. त्या संपाने उद्ध्वस्त झालेल्या घरावर जयंत पवार यांनी ‘अधांतर’ नाटक लिहिलं, आणि त्यावरून महेश मांजरेकर यांचा ‘लालबाग परळ’ २०१० मध्ये आला. चाळीतलं घर, बेकार झालेली मुलं, सगळ्यांना सांभाळणारी आई. फार खरं आहे ते. पण ते घर मुंबईतलं. संप लांबला तेव्हा गावात मनीऑर्डर यायची थांबली, मग चुलीवर काय शिजलं, बाईने कुणाकडून उसनं आणलं, कोणता दागिना गेला, हे माझ्या पाहण्यात तरी कुठल्या सिनेमात आलेलं नाही.

केरळ आठवलं ते इथे. तिथलाही आकडा आपल्यासारखाच, २०११ ला दर १००० पुरुषांमागे १०८४ स्त्रिया. आपल्याकडे मुंबई, तर त्यांच्याकडे आखात. १९७० नंतर तिथल्या घराघरांतून पुरुष दुबई, मस्कत, कुवेतला गेले. किनारा तोच, पाऊस तोच, नारळ-फणस तेच, घरचा माणूस लांब. तिथल्या सिनेमाने ही गोष्ट सोडली नाही. २०१५ चा ‘पत्तेमारी’ बघा, सलीम अहमद यांचा. मामूट्टी हा तिथला एवढा मोठा नट, पण यात तो आखातात आयुष्यभर राबणारा साधा नारायणन झालाय. गावाकडे पैसे धाडतो, घर बांधतो, पण त्या घरात राहणं काही नशिबी येत नाही. आपल्याकडे गावोगाव कुलूप लावलेली, फक्त गणपतीत उघडणारी नवी घरं आहेत ना, त्यांच्या दारात बसून हा सिनेमा बघावा असा आहे. यातही घरी राहिलेली बाई अर्धीच दिसते हे मान्य. पण निदान त्या पैशाची घरात काय किंमत मोजली गेली हे दिसतं.

त्याही आधी, १९६५ ला, ‘चेम्मीन’ आला होता. मच्छीमारांचा सिनेमा. तिथे एक समजूत होती, की नवरा समुद्रात गेला असताना किनाऱ्यावर बायको शुद्ध राहिली तरच तो सुखरूप परततो. म्हणजे वादळ आलं तरी दोष बाईचा! त्या समजुतीखाली एका बाईचं आयुष्य कसं चिरडतं, ते त्यात आहे. यालाही राष्ट्रपतींचं सुवर्णपदक मिळालं. हर्णै-मिरकरवाड्याच्या आपल्या मैत्रिणींनी तो पाहावा आणि तुमच्याकडे असं काय काय बाईच्या माथी मारलं जातं, ते आम्हाला सांगावं.

केरळमध्येच असे सिनेमे जास्त का होतात? तिथली माणसं काही वेगळी नाहीत. पण तिथे गावोगाव वाचनालयं उभी राहिली, बायका लवकर शिकल्या, आणि १९६५ पासून गावागावांत लोकांनी फिल्म सोसायट्या काढल्या. चांगला सिनेमा आणायचा, सगळ्यांनी बसून बघायचा, मग त्यावर बोलायचं. बघणारा जागा झाला की बनवणाऱ्याला उगाच काहीही खपवता येत नाही. बोलीचंच घ्या. तिथल्या सिनेमात कोचीजवळच्या कुंबळंगीची माणसं तिथल्यासारखी बोलतात, मलप्पुरमची तिथल्यासारखी. आपल्याकडे कोकण म्हटलं की सरसकट मालवणी! मच्छिंद्र कांबळींच्या ‘वस्त्रहरण’ नाटकाने मालवणीला मानाने रंगमंचावर बसवलं, त्याचा आनंदच आहे. पण संगमेश्वर-लांज्याकडची बाई मालवणी बोलत नाही हो. आपलं नमन, आपली जाखडी, आपली संगमेश्वरी बोली पडद्यावर शोधावी लागते.

आता ज्या सिनेमाबद्दल मला सर्वांत जास्त सांगायचंय तो. ‘द ग्रेट इंडियन किचन’, २०२१ चा, जियो बेबी यांचा. नवीन लग्न झालेली शिकलेली मुलगी सासरी येते. घर चांगलं आहे, कुणी मारत नाही, हुंडा मागत नाही. सासरा गोड बोलतो. फक्त त्याला भात चुलीवरचाच लागतो, चटणी पाट्यावरचीच लागते, कपडे हातानेच धुतलेले लागतात. सासू त्याला दात घासायचा ब्रशसुद्धा हातात नेऊन देते. नवरा शेवग्याच्या शेंगा चघळून चोथा ताटाबाहेर टेबलावर टाकतो, आणि पुरुष उठल्यावर त्याच खरकट्या टेबलावर बायका जेवायला बसतात. मोरीचा पाइप गळतो. ती नवऱ्याला सांगते, प्लंबर बोलवा. तो हो म्हणतो. दुसऱ्या दिवशी परत सांगते. परत हो. पाळीच्या दिवसांत तिला वेगळं बसवतात.

गोष्ट म्हणाल तर एवढीच. चिरणं, वाटणं, परतणं, वाढणं, उचलणं, घासणं, पुसणं, परत चिरणं. गाणी-बजावणी फारशी नाही. भांड्यांचा आवाज. सुरुवातीला तो स्वयंपाक बघायला छान वाटतो, तासाभराने आपलाच जीव गुदमरतो. शेवटी काय होतं ते सांगत नाही, बघा.

आम्ही हा सिनेमा एका वाडीत बैठकीनंतर लॅपटॉपवर लावला होता. मल्याळम कुणालाच येत नव्हतं. मी मध्ये मध्ये थांबवून दोन वाक्यांत सांगत होते. अर्ध्या तासाने एक वहिनी म्हणाल्या, “नको थांबवू गो, कळतंय.” पाइप गळतो तिथे सगळ्या हसल्या. नंतर हसणं बंद झालं. संपल्यावर बराच वेळ कुणी उठलं नाही. मग एकीने विचारलं, “पण ह्यात वाईट कोण आहे?” आणि त्यावर तासभर वाद झाला. एक म्हणाली सासरा. दुसरी म्हणाली, सासूने सवय लावली. तिसरी म्हणाली, “मी पण माझ्या मुलाला ताट उचलायला सांगत नाही.” कर्जवाटपाच्या बैठकीत कधी तोंड न उघडणाऱ्या दोघी त्या दिवशी बोलल्या.

यावरून सनिया मल्होत्राचा ‘मिसेस’ हा हिंदी सिनेमा निघालाय, भाषेची अडचण असेल त्यांनी तो पाहावा.

एक मात्र सांगून ठेवते. सिनेमा चांगला म्हणून तो बनवणारी जागा चांगली, असं समजू नका. त्याच केरळात सिनेमात काम करणाऱ्या बायकांना काय काय सोसावं लागतं, यावर न्यायमूर्ती हेमा समितीचा अहवाल ऑगस्ट २०२४ मध्ये बाहेर आला आणि सगळा देश हादरला. ही समिती कशी नेमली गेली? २०१७ मध्ये एका अभिनेत्रीवर हल्ला झाल्यानंतर तिथल्या नट्या, लेखिका, दिग्दर्शिका एकत्र आल्या, स्वतःची संघटना काढली आणि सरकारच्या मागे लागल्या. एकटीचं कुणी ऐकत नव्हतं. हे तर आपल्याला वेगळं सांगायला नको.

कोकणावरचे अलीकडचे मराठी सिनेमे पाहिले तर बरंच चांगलं हाती लागतं. अविनाश अरुण यांचा ‘किल्ला’ बघा. नवरा गेलेली, नोकरीमुळे लहान मुलाला घेऊन कोकणात बदलून आलेली बाई, अमृता सुभाष यांनी केलेली. मुलाची मैत्री, पाऊस, समुद्र सगळ्यांना आवडलं, बर्लिनला मुलांच्या परीक्षक मंडळाचं बक्षीसही मिळालं. पण परक्या गावात, नव्या ऑफिसात एकटी पडलेली ती आई मला जास्त लक्षात राहिली. सुमित्रा भावे आणि सुनील सुकथनकर यांचा ‘कासव’ तर त्या वर्षीचा देशातला सर्वोत्कृष्ट सिनेमा ठरला. मन खचलेल्या एका मुलाला सावरणारी बाई, आणि किनाऱ्यावर अंडी घालून जाणाऱ्या कासवांचं राखण. आपल्या मंडणगडच्या वेळासला कासवं बघायला येणाऱ्या पाहुण्यांना घरगुती जेवण वाढणाऱ्या बायकांना यातलं बरंच ओळखीचं वाटेल.

सुमित्राताईंबद्दल एक गोष्ट सांगायलाच हवी. त्या मूळच्या समाजकार्य शिकवणाऱ्या. गरीब बायकांवर अभ्यास करायच्या. मग त्यांच्या लक्षात आलं की ज्या बायकांबद्दल आपण लिहितो त्यांना हे वाचताच येत नाही. म्हणून त्या सिनेमाकडे वळल्या, १९८५ ला ‘बाई’ नावाची छोटी फिल्म केली. दहा वर्षांनी ‘दोघी’ आला. लग्नाच्या दिवशीच अपघातात वऱ्हाड गेलं म्हणून गाव मोठ्या बहिणीला पांढऱ्या पायाची ठरवतं. तिला मुंबईला धाडतात, तिथे ती धंद्याला लागते. तिच्या पैशावर घर चालतं, धाकटीचं लग्न ठरतं. आणि त्या लग्नात तिने येऊ नये असं खुद्द आईला वाटतं. पैसे चालतात, ती चालत नाही. मनीऑर्डर पाठवणारी बाई असली की काय होतं, ते या सिनेमाने दाखवलं.

जमिनीवरचे सिनेमे पण आलेत. ‘नारबाची वाडी’ मध्ये दिलीप प्रभावळकरांचा म्हातारा नारबा आपली नारळी-पोफळीची वाडी खोताला देत नाही. खोत म्हणतो, दरमहा पैसे देतो, तू मेलास की वाडी माझी. आणि नारबा काही मरत नाही! हसून पोट दुखतं. परवाच्या २०२५ मध्ये आलेल्या ‘दशावतार’ मध्येही प्रभावळकरच आहेत, म्हातारे दशावतारी कलावंत, आणि गावाच्या जमिनीवर खाणीचं संकट. दोन्ही सिनेमे आपल्या काळजाला हात घालतात, कारण जमीन विकत घ्यायला येणाऱ्या गाड्या आपण रोज बघतोय.

पण इथेही मला तीच खोड लागलीय, शोधायची. वाडी राखणारा पुरुष दिसतो, विकणारा पुरुष दिसतो. प्रत्यक्षात ती वाडी शिंपणारी, काजू गोळा करणारी, आंब्याची राखण करणारी बाई. मुंबईहून भाऊ येतात, बहिणीला तहसीलला नेतात, हक्कसोड पत्रावर सही घेतात, साडी देतात. मुलीला वडिलोपार्जित मालमत्तेत मुलाइतकाच वाटा आहे, महाराष्ट्रात १९९४ पासून आणि देशभर २००५ पासून. तरी त्या सहीचा प्रसंग, तो तहसीलचा बाक, ती साडी, हे मला कोकणातल्या एकाही सिनेमात दिसलं नाही. ‘माहेरची साडी’ खरं तर ही आहे.

म्हणून माझी एक सूचना आहे. ग्रामसंघाच्या बैठकीला जोडून तीन महिन्यांतून एकदा एखादा सिनेमा ठेवा. लॅपटॉप सीआरपी ताईंकडे असतो, पडद्याला पांढरी चादर चालते. ‘द ग्रेट इंडियन किचन’ ठेवलात तर मुलांना आणि पुरुषांनाही बसवा, पण चर्चा आधी बायकांची वेगळी होऊ द्या. सिनेमा संपल्यावर “आवडला का” एवढंच विचारू नका. घरात पैसे कुणाच्या हातात होते, सही कुणी केली, शेवटी कोण जेवलं, असं विचारा. बघा कशा बोलतात.

आणि आपला सिनेमा कोण बनवणार, असं म्हणाल तर १९७६ चा ‘मंथन’ लक्षात ठेवा. आपल्या स्मिता पाटील होत्या त्यात. गुजरातच्या पाच लाख दूध उत्पादकांनी दोन-दोन रुपये काढून तो सिनेमा उभा केला. केरळात जॉन अब्राहम नावाच्या दिग्दर्शकाने आणि त्याच्या सोबत्यांनी गावोगाव सिनेमे दाखवून, लोकांकडून वर्गणी गोळा करून १९८६ ला ‘अम्मा अरियान’ केला. दोन रुपयांचा हिशोब आपल्याला कुणी शिकवायला नको. आज तर प्रत्येकीच्या हातात कॅमेरा आहे.

गोष्टी मात्र आतापासून गोळा करायला हव्यात, कारण मनीऑर्डरवर संसार केलेल्या आमच्या सासवा-आज्या आता थोड्याच उरल्यात. मागच्या महिन्यात एका आजींनी मला बिस्किटाचा जुना पत्र्याचा डबा उघडून दाखवला. त्यात मनीऑर्डरची कुपनं होती, एकावर एक रचून, दोऱ्याने बांधलेली. पैसे घेताना आजींनी उठवलेला अंगठा पोचपावतीवर असायचा, ती पावती मुंबईला परत जायची. कुपन आजींकडे राहायचं. कुपनावर खाली दोन ओळी लिहायची जागा असायची, तिथे आजोबा काहीतरी लिहून धाडायचे. आजींना वाचता येत नव्हतं. पोस्टमन पडवीत उभा राहून, सासऱ्यांसमोर, मोठ्याने वाचून दाखवायचा. “म्हणून ते कधी काय मनातलं लिहीतच नसत,” आजी म्हणाल्या. मग हसल्या आणि मला म्हणाल्या, आता वाच, सगळी वाच.

तुमच्या घरात अशी कुपनं, पत्रं, जुने हिशोब असतील तर प्रभागसंघाच्या ऑफिसात सांगा. मूळ कागद देऊ नका, मोबाईलवर फोटो काढून आणा.